मिशन कुठून निघतं आणि कुठे पोचतं? हिंजवडीहून आलेल्या प्रश्नाला उत्तर

प्रश्न एका ताईंचा आहे. मूळच्या श्रीरामपूरकडच्या, सध्या हिंजवडीत आयटीत नोकरी. रविवारी पुण्यातल्या एका इंग्रजी मंडळीत, म्हणजे चर्चमध्ये, भक्तीला जातात, गावी गेल्या की घरच्या मराठी मंडळीत. धाकटा भाऊ दुबईच्या एका इस्पितळात नर्स आहे. त्यांनी थोडक्यात तीन गोष्टी विचारल्या आहेत. जग एवढं जवळ आलेलं असताना ‘मिशन’ला काही अर्थ उरलाय, की ती वसाहतकाळातली शिळी गोष्ट? ऑफिसातले लोक ‘तुमचा धर्म बाहेरचा’ म्हणतात, तेव्हा काय बोलायचं? आणि भाऊ-बहीण मिळून काही पैसे द्यायचे म्हणतात, ते कुठे आणि कसे द्यायचे?

मी नगर जिल्ह्यात पाळक, म्हणजे मंडळीचा धर्मगुरू, म्हणून आयुष्य काढलं, पुढे काही वर्षं सेमिनरीत (पाळक घडवणाऱ्या विद्यालयात) मिशनचा इतिहास शिकवला. तेव्हा उत्तर जरा लांबणार.

ताई, पहिल्या प्रश्नात एक जुनं गृहीतक बसलेलं आहे. मिशन म्हणजे बोटीतून उतरणारा गोरा साहेब आणि आपण म्हणजे हात पुढे करणारे. हे चित्र टीकाकारांनी जेवढं वापरलं तेवढंच आपल्याही लोकांनी जपलं. चर्चच्या देवळाची चार कौलं फुटली तरी ‘मिशनला कळवा’ म्हणणारी मंडळी मी पाहिली आहे, आणि मिशन केव्हाच गाशा गुंडाळून गेलेलं. पण इतिहास त्या चित्राला धरून चालत नाही. नगर सोडा, तुमच्या पुण्याच्या जवळचंच केडगाव घ्या.

पुण्याहून दौंडकडे जाताना केडगाव स्टेशन लागतं. तिथे पंडिता रमाबाईंचं मुक्ती मिशन. १८९६-९७ च्या दुष्काळात त्यांनी मध्य प्रांतातून उपासमारीने मरणाऱ्या मुली आणल्या, १९०० च्या दुष्काळात गुजरातेतून आणल्या. त्या मुलींना शेती, विणकाम, छपाई शिकवली. १९०४ साली वेल्समध्ये आध्यात्मिक जागृतीची लाट आली होती, तिची बातमी इथे आली तेव्हा मुक्तीत रोजच्या प्रार्थना सुरूच होत्या. जून १९०५ मध्ये तिथल्या मुलींमध्ये तशीच जागृती झाली. मुली रात्र रात्र रडत, पापं कबूल करत, प्रार्थना करत. लॉस एंजेलिसच्या अझुसा स्ट्रीटवरची सभा, जिथून पेंटेकॉस्टल चळवळीचा (पवित्र आत्म्याच्या अनुभवावर भर देणाऱ्या ख्रिस्ती पंथाचा) इतिहास सांगायला लोक सुरुवात करतात, ती एप्रिल १९०६ ची. म्हणजे केडगाव आधीचं.

खरी गोष्ट पुढेच आहे. मुक्तीत रमाबाईंसोबत मिनी एब्रम्स नावाची अमेरिकन बाई काम करत होती. तिने जे पाहिलं त्यावर १९०६ मध्ये एक पुस्तिका लिहिली आणि एक प्रत आपल्या जुन्या वर्गमैत्रिणीला टपालाने पाठवली. ही मैत्रीण, मे हूवर, दक्षिण अमेरिकेत चिलीच्या वाल्पाराइसो बंदरात मेथडिस्ट मिशनरी नवऱ्याबरोबर राहत होती. पुस्तिका वाचून तिथली मंडळी प्रार्थनेला बसली. १९०९ मध्ये चिलीत जी जागृती झाली तिच्यातून त्या देशातल्या पेंटेकॉस्टल मंडळ्या उभ्या राहिल्या. दुष्काळातून वाचलेल्या, टाकून दिलेल्या हिंदुस्थानी मुलींच्या प्रार्थनेची खबर, आणि ती पोचली पॅसिफिकच्या किनाऱ्यावर. ना विमान, ना इंटरनेट. या मुलींना कुणी मिशनरी म्हटलं नाही, आणि त्यांतल्या बहुतेकींची नावंही आपल्याला सांगता येणार नाहीत.

म्हणून ‘जागतिकीकरणानंतर मिशनचं काय’ हा प्रश्नच मला थोडा उशिरा आलेला वाटतो. हे जाळं जुनंच आहे. बदललं ते माणसांचं वजन. १९१० साली जगातल्या दर तीन ख्रिस्ती माणसांपैकी दोन युरोपात राहत. २०१० मध्ये युरोपचा वाटा पाव भागावर आला होता, आणि सहाराच्या दक्षिणेकडची आफ्रिका, जिथे शतकाच्या सुरुवातीला जगातले दीड टक्काही ख्रिस्ती नव्हते, ती युरोपच्या जवळपास येऊन ठेपली होती. आज लंडनमध्ये नायजेरियन पाळकांच्या मंडळ्या भरून वाहतात, जर्मनीतल्या कितीतरी गावांत वेदीपाशी केरळचा फादर उभा असतो, कोरियातून हजारोंनी मिशनरी बाहेर पडतात. तुमचा भाऊही याच प्रवाहात आहे, त्याला कुणी नियुक्तिपत्र दिलेलं नसलं तरी.

मला काळजी वाटते ती दुसऱ्याच गोष्टीची. १९१० मध्ये एडिंबरोला जागतिक मिशनरी परिषद भरली. सुमारे बाराशे प्रतिनिधी, आणि त्यांत आशियातले विसाच्याही आत. त्यांतला एक तमिळ तरुण, व्ही. एस. अझरिया, पुढे आजच्या तेलंगणातल्या दोर्नाकलचा बिशप झाला, अँग्लिकन चर्चमधला पहिला भारतीय बिशप. त्याने भर सभेत मिशनऱ्यांना सुनावलं, की तुम्ही आमच्या गरिबांना आपली मालमत्ता दिलीत, प्राणही दिलेत. आता आम्हाला मित्र द्या. तक्रार साधी होती. साहेब पगार देतो, हुकूम देतो, पण घरी जेवायला बोलावत नाही.

आता पुण्यातल्या मंडळ्यांचं बघा. शनिवारी सकाळी एक टेम्पो ट्रॅव्हलर नेवासे नाहीतर अकोले तालुक्यातल्या वस्तीवर येते. एकाच रंगाचे टी-शर्ट घातलेली पंधरा-वीस तरुण पोरं उतरतात. मुलांचे खेळ, दोन इंग्रजी गाणी हातवाऱ्यांसकट, वह्या-पेन वाटप, फोटो. दुपारी पाळकाच्या बायकोने केलेलं कोंबडीचं कालवण आणि भाकरी. चारला गाडी परत, कारण चाकणला ट्रॅफिक लागतं. संध्याकाळी ‘मिशन ट्रिप’चे फोटो व्हॉट्सअॅपवर. या मुलांच्या मनात खोट नाही, मी त्यांना नावं ठेवत नाही. पण गावातल्या पाळकाचं पूर्ण नाव त्यांतल्या किती जणांना ठाऊक असतं? त्याच्या मुलीची बारावी झाली का, हे पुढच्या वर्षी कोण विचारतं? साहेब गेला, खुर्ची राहिली, आणि आता तिच्यावर आपण बसलो आहोत. तुमच्या मंडळीला एवढंच सांगा: गावं कमी करा, एकच गाव धरा, आणि पहिल्या वर्षी काही वाटायला नेऊ नका. जेवायला जा, जेवायला बोलवा.

आता ‘बाहेरचा धर्म’. याला दोन सोपी उत्तरं लोकांच्या तोंडात असतात आणि दोन्ही अर्धी आहेत. एक म्हणजे प्रेषित थॉमस पहिल्या शतकातच भारतात आला. ही केरळची जुनी परंपरा आहे, तिचा मान ठेवावा, पण तिने श्रीरामपूरच्या मंडळीचा उगम सांगता येत नाही. दुसरं, आमचा वसाहतवादाशी संबंधच नव्हता. गोव्यात १५६० ते १८१२ इन्क्विझिशन, म्हणजे पोर्तुगीजांचं धर्मन्यायालय, होतं, हे सहकाऱ्याला माहीत असणार. ते नाकारलंत तर पुढचं काहीच तो ऐकणार नाही. पण त्याच गोव्यात थॉमस स्टीफन्स या इंग्रज जेसुइट धर्मगुरूने मराठी ओवीत ख्रिस्तपुराण रचलं आणि ते १६१६ मध्ये छापलं गेलं, हेही तितकंच खरं. आणि आपल्याकडचे पहिले अमेरिकन मिशनरी गॉर्डन हॉल आणि सॅम्युएल नॉट १८१३ मध्ये मुंबईत उतरले, तेव्हा ईस्ट इंडिया कंपनी त्यांना हाकलायलाच निघाली होती. गव्हर्नरची मनधरणी करून ते कसेबसे राहिले. सत्ता आणि सुवार्ता कधी हातात हात घालून आल्या, कधी एकमेकींच्या अंगावर गेल्या. असं सरळ सांगितलं की बहुतेक समंजस माणसं ऐकतात. ज्याला ऐकायचंच नाही, त्याच्याशी कँटीनमध्ये वाद घालून काही मिळत नाही. चहा प्या आणि कामाला लागा.

दुष्काळात ‘आमिषाने’ बाटले, हा टोमणाही येईलच. नगर भागात एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात महार-मांग समाजातले लोक मोठ्या संख्येने मंडळीत आले आणि त्यांतले बरेच दुष्काळाच्या वर्षांत आले, ही गोष्ट लपवू नका. उपाशी माणूस जिथे माणूस म्हणून उभं करतात तिकडे जातो. माझे पणजोबा तसेच आले, मला त्याची लाज वाटत नाही. लाज वाटावी अशी गोष्ट वेगळी आहे: आत आल्यावरही कुणाचं मूळ काय, हे लग्नं जमवताना आजही विचारलं जातं. आणि आत आल्याची किंमतही मोजली. १९५० च्या राष्ट्रपतींच्या आदेशामुळे ख्रिस्ती दलितांना अनुसूचित जातीच्या सवलती नाहीत. फुकटात मिळालं म्हणणाऱ्याला हे जरूर सांगा.

बाहेरचेपणाला खरं उत्तर वादात मिळत नाही, ते इथल्या मातीत दिसावं लागतं. नारायण वामन टिळकांना हे पुरतं कळलं होतं. १८९५ मध्ये बाप्तिस्मा घेतल्यावर त्यांनी अभंगांच्या वळणाची इतकी गीतं लिहिली की ‘उपासना संगीत’ हे आपलं गीतपुस्तक त्यांच्याशिवाय अपुरंच वाटेल. १९१७ मध्ये मिशनची नोकरी सोडून त्यांनी साताऱ्यात ‘देवाचा दरबार’ सुरू केला. ख्रिस्ताला मानणारे, मग बाप्तिस्मा घेतलेले असोत वा नसोत, एकत्र यावेत, हा त्यामागचा विचार. चर्चला त्याचं काय करावं कळलं नाही. दोनच वर्षांत टिळक गेले आणि दरबार विरला. माझ्या मते मराठी मंडळीने सोडून दिलेली ती सगळ्यांत मोठी संधी होती. ऑफिसात ख्रिस्ताविषयी आदर असलेले, येशूचं डोंगरावरचं प्रवचन वाचलेले, पण चर्चची पायरी न चढणारे कितीतरी जण तुम्हाला भेटत असतील. टिळकांनी त्यांना परके मानलं नसतं.

कीर्तनाचंही तसंच. वीणा, टाळ, पेटी, मृदंग, पूर्वरंग, उत्तररंग, सगळं वारकरी-नारदीय वळणाचं, आणि कथा बायबलमधली. आमच्याकडे नाताळच्या आधीच्या आठवड्यात कीर्तन ठेवायचो. पुढे मंडळीचे लोक, कडेला घोंगडी पांघरून बसलेले शेजारपाजारचे मराठा, धनगर म्हातारे. एकदा उधळ्या पुत्राची कथा रंगली होती: धाकटा आपला वाटा घेऊन जातो, सगळं उधळतो आणि कफल्लक होऊन परततो, थोरला मात्र रुसतो. बाप धावत जाऊन पोराला मिठी मारतो, पोसलेलं वासरू कापायला सांगतो, कीर्तनकाराने नेमका तिथे अभंग लावला. कीर्तन संपल्यावर कडेचे एक आजोबा जवळ आले आणि म्हणाले, “महाराज, वाटणी तर आधीच झाली होती ना? मग वासरू थोरल्याच्या हिश्शातलं. त्याला न विचारता कापलं, तर त्याने रुसू नये का?” मी सेमिनरीत या दाखल्यावर ढीगभर भाष्यं वाचली होती. थोरल्याचा राग इतका रास्त आहे आणि तरीही बाप त्याची समजूत घालायला बाहेर येतो, हे बांधावरून भांडणारा शेतकरीच पाहू शकतो. मी त्यांना पुढच्या रविवारी बोलावलं. ते आले नाहीत, पण पुढच्या कीर्तनाला मात्र सर्वांत आधी येऊन बसले.

हिंजवडीत इंग्रजी भक्ती चालते याला माझी हरकत नाही. नागालँड, केरळ, गोवा, तमिळनाडूची पोरं एका हॉलमध्ये येतात, त्यांनी दुसऱ्या कोणत्या भाषेत गावं? खटकतं ते हे, की गावच्या मंडळीतली पोरं पेटी-तबला बाजूला सारून ड्रमसेटसाठी वर्गणी काढतात आणि ऑस्ट्रेलियातलं गाणं जसंच्या तसं म्हणतात. शेजारच्या घरात ते आवाज म्हणूनच जातं. यूट्यूबवरच्या ‘बी पेरा, शंभरपट मिळवा’वाल्या उपदेशकांबद्दल तर बोलायलाच नको. ज्याच्या शेतात दोन वर्षं बी करपलंय, त्या माणसाकडून ‘विश्वासाचं बी’ म्हणून पैसे मागायला जीभ कशी रेटते, हे त्यांचं त्यांना ठाऊक. असल्या लिंका गावच्या ग्रुपवर टाकू नका, एवढी विनंती.

तुम्हाला आजच्या काळातलं मिशन बघायचं असेल तर गाडी काढा आणि जामखेडला जा. डॉ. रजनीकांत आणि डॉ. मेबल आरोळे, दोघंही वेल्लोरच्या ख्रिश्चन मेडिकल कॉलेजात शिकलेले, पुढे अमेरिकेत सार्वजनिक आरोग्याचं शिक्षण घेऊन परत आले आणि १९७० मध्ये त्यांनी जामखेडसारख्या दुष्काळी तालुक्यात काम उभं केलं. त्यांनी गावातल्या बायका निवडल्या, बऱ्याचशा निरक्षर, बऱ्याचशा दलित, आणि त्यांना बाळंतपण, जुलाब, क्षय, कुष्ठरोग ओळखायला शिकवलं. प्रशिक्षणात सगळ्या जातींच्या बायका एकत्र राहत, एकत्र जेवत. पिण्याच्या पाण्याचे हातपंप दलित वस्तीत बसवले, मग पाण्यासाठी बाकीचा गाव तिकडे जाऊ लागला. भाषण एकही नाही. १९७८ मध्ये अल्मा-आटाला जागतिक आरोग्य संघटनेने प्राथमिक आरोग्याचा जाहीरनामा केला, त्या विचाराला आकार देणाऱ्या कामांत जामखेडची गणना होते. १९७९ मध्ये दोघांना मॅगसेसे मिळालं. पुढे आफ्रिका, आशिया, अमेरिकेतून लोक जामखेडला शिकायला येत राहिले. आपण ख्रिस्तामुळे हे करतो, असं आरोळे मोकळेपणाने सांगत, पण औषधाच्या बदल्यात कुणाच्या बाप्तिस्म्याचा हिशेब त्यांनी मांडला नाही. दोन्ही गोष्टी एकाच वेळी करता येतात. त्याआधी नगरला सिंथिया फरार ही अमेरिकन मिशनरी शिक्षिका होतीच. जोतीराव फुल्यांनी मुलींची शाळा काढण्यापूर्वी तिथली मिशनची मुलींची शाळा पाहिली होती, हे त्यांनीच सांगितलंय. त्या शाळेतून किती जणी ख्रिस्ती झाल्या, यावरून तिचं मोजमाप आज कोणी करत नाही.

कायद्याचं दोन शब्दांत सांगतो. राज्यघटनेच्या कलम २५ ने धर्म पाळण्याचा आणि त्याचा प्रचार करण्याचा हक्क दिला आहे. १९७७ च्या स्टॅनिस्लॉस खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं, की या हक्कात दुसऱ्याचं धर्मांतर घडवून आणण्याचा हक्क येत नाही. अनेक राज्यांत याबाबत वेगळे कायदे आहेत. सहलीला जाल तिथला कायदा आधी वाचा. पर्यटक व्हिसावर आलेला परदेशी पाहुणा तुमच्या मंडळीत भक्तीला बसू शकतो, पण त्याला उपदेशाला उभं करू नका. हौसेपायी मंडळी गोत्यात येते आणि तो विमानात बसून जातो.

ऑफिसात आपल्या विश्वासाची ‘साक्ष’ कशी द्यायची, असंही तुम्ही ओघात विचारलंत. आपली चूक ज्युनिअरवर न ढकलणं, रजेच्या दिवशी दुसऱ्याची शिफ्ट घेणं, बिलात खोटे तास न लिहिणं. कुणी ‘असं का’ विचारलं तर आडपडदा न ठेवता सांगा, आणि विचारलं नाही तर सांगू नका. भावाला तर दुबईत दुसरा मार्गच नाही. तिथे ठरलेल्या आवारात चर्चला परवानगी आहे, संत मेरी चर्च १९६७ पासून आहे, पण मुस्लिमांमध्ये धर्मप्रचाराला मनाई आहे. रात्रपाळीत एखाद्या पाकिस्तानी मजुराची जखम तो कशी बांधतो, एवढंच त्याच्या हातात आहे. ते थोडं नाही.

राहिले पैसे. भावाकडे भारतीय पासपोर्ट आहे, तो आपल्या पगारातून नेहमीच्या बँकेच्या मार्गाने देणार असेल, तर ती परदेशी देणगी धरली जात नाही. गावची मंडळी ते घेऊ शकते. पण घरातलं कुणी अमेरिकेचं नागरिकत्व घेतलेलं असेल आणि तेही यात भर घालणार असेल, तर ते पैसे परदेशी देणगी ठरतात, मग ते तुमच्या खात्यातून फिरवून का येईनात. ते घ्यायला एफसीआरए, म्हणजे परदेशी देणग्यांच्या कायद्याखालची, नोंदणी लागते, २०२० च्या दुरुस्तीनंतर पैसा आधी स्टेट बँकेच्या नवी दिल्ली मुख्य शाखेतल्या खात्यातच यावा लागतो, आणि नोंदणी असलेली संस्था तो दुसऱ्या संस्थेला पुढे देऊ शकत नाही. ‘आमच्या ट्रस्टमधून काढून देतो’ म्हणणाऱ्यापासून लांब राहा.

आणि कमान, फरशी, साउंड सिस्टिम यांना देऊ नका. कापणीच्या सणाला आपल्याकडे बाजरीची पायली, कोंबडी, अंडी यांचा लिलाव होतो आणि एक अंडं पाच वेळा विकलं जातं, हे तुम्ही लहानपणी पाहिलं असेल. इमारतीची डागडुजी मंडळी त्यातून करू शकते, तिला करू द्या. तुम्ही दोन गोष्टी धरा: गावच्या पाळकाच्या पगारातली तूट, आणि मंडळीतल्या किंवा शेजारच्या वस्तीतल्या एका मुलीची नर्सिंगची फी, जात-धर्म न विचारता. रक्कम पाळक समितीच्या (मंडळीचा कारभार पाहणाऱ्या समितीच्या) ठरावाने जमा व्हावी, मुलगी समितीने निवडावी, तुम्ही नव्हे. नावाची पाटी नको. पावती मात्र मागा, आणि वर्षअखेरीस ताळेबंद मंडळीपुढे वाचला जातो की नाही, ते फोन करून विचारा.